सही थांबवा, पण १६ जुलै चुकवू नका

बीड जिल्ह्यातल्या एका ताईंचं पत्र आहे. नाव-गाव छापू नका, असं त्यांनी कळवलं आहे. पत्र थोडक्यात असं:

‘वय ३१. मुलगी ११ वर्षांची, मुलगा ८ वर्षांचा. आम्ही दोघं दरसाल ऊसतोडीला जायचो, आमचा एक कोयता. १६ जानेवारीच्या रात्री सांगली जिल्ह्यात मालकांची, म्हणजे माझ्या नवऱ्याची, मोटारसायकल रस्त्यात उभ्या असलेल्या उसाच्या ट्रॉलीला मागून धडकली. ट्रॉलीला ना दिवा होता ना रिफ्लेक्टर. ते तिथल्याच सरकारी दवाखान्यात वारले. वय ३४ होतं. ट्रॅक्टरवाला ५०,००० देतो आणि मिटल्याच्या कागदावर सही मागतो. मालकांच्या नावावर २ एकर १० गुंठे आहे. ती सध्या दिराच्या नावावर कर, पोरं मोठी झाली की त्यांना देऊ, असं घरचे म्हणतात. टोळीचा मुकादम १,१०,००० उचल (कामाआधी घेतलेले आगाऊ पैसे) बाकी सांगतो, नाहीतर दसऱ्यानंतर कोयता धर, पोरगी हाताखाली चालेल म्हणतो. सावकाराचे ६०,००० आहेत, पाच टक्क्यांनी. १४ महिने व्याज दिलं. माझ्या नावावर फायनान्सचं गटकर्ज आहे, गटातल्या बायका दारात येऊन बसतात. गावच्या सोसायटीच्या पीककर्जाचे ७०,००० वेगळेच. वर्षश्राद्ध होईपर्यंत उंबरा ओलांडू नको, असं सासू-सासरे सांगतात. मी कुठं सही करू आणि कुठं नको?’

ताई, तुमच्यापुढे पाच जण कागद घेऊन उभे आहेत आणि प्रत्येकाला घाई आहे. यातला एकही कागद आज सही केला नाही म्हणून तुमचं नुकसान होणार नाही. नुकसान होईल ते १६ जुलै उलटून गेली तर. मोटार अपघाताच्या नुकसानभरपाईचा दावा अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांत दाखल करायचा, अशी मोटार वाहन कायद्यातली तरतूद १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. तुम्ही वर्षश्राद्धापर्यंत घरात बसलात तर ती मुदत निघून जाते. ट्रॅक्टरवाल्याला हे माहीत असेल किंवा नसेल, पण वेळ जाण्यात फायदा त्याचाच आहे.

५०,००० ची रक्कम किती तोकडी आहे ते पाहा. सर्वोच्च न्यायालयाने २००९ आणि २०१७ च्या निकालांत भरपाईचा हिशोब घालून दिला आहे आणि न्यायाधिकरणं तोच वापरतात. समजा तुमच्या मालकांची कमाई महिन्याला १०,००० धरली. चाळिशीच्या आतल्या, स्वतःच्या कष्टावर कमावणाऱ्या माणसाला पुढे वाढणाऱ्या कमाईपोटी त्यात ४० टक्के मिळवतात, म्हणजे १४,०००. मागे तुम्ही, दोन मुलं आणि सासूबाई असे चार जण अवलंबून, म्हणून त्यांचा स्वतःचा खर्च एक चतुर्थांश वजा करतात. राहिले १०,५००. वर्षाचे १,२६,०००. वय ३१ ते ३५ असेल तर त्याला १६ ने गुणतात. होतात २०,१६,०००. विरुद्ध बाजूचा वकील म्हणेल की उभ्या ट्रॉलीला मागून धडक दिली, चूक त्यांचीच. न्यायालयाने अर्धा दोष तुमच्या मालकांवर टाकला तरी १० लाख उरतात. यातला पैसा ट्रॅक्टरवाल्याच्या खिशातून जाणार नाही, गाडीचा विमा असेल तर विमा कंपनी देते. त्यामुळे ‘गरिबाच्या पोटावर पाय’ वगैरे गावकीत ऐकवलं जाईल, त्याला फसू नका.

हा दावा सांगलीला जाऊन लावायची गरज नाही. तुम्ही जिथे राहता तिथल्या न्यायाधिकरणात, म्हणजे बीड, अंबाजोगाई किंवा माजलगाव यांपैकी तुमच्या हद्दीच्या न्यायालयात लावता येतो. वकील फुकट मिळतो. बाई असणं एवढाच निकष आहे, उत्पन्नाचा दाखला लागत नाही. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समितीचं कार्यालय असतं, तिथे साध्या कागदावर अर्ज द्यायचा. तिथे जायला जमत नसेल तर १५१०० वर फोन करा. मे महिन्यात दिवाणी कामकाजाला सुट्टी लागते, म्हणून याच आठवड्यात जा. बाहेरचा वकील ‘फी नको, मिळतील त्यातले इतके टक्के द्या’ म्हणाला तर उठून या. वकिलाने दाव्याच्या रकमेत वाटा घेणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. वकीलपत्रावर सही करायची, कोऱ्या कागदावर मात्र एकही नाही.

सोबत लागेल ते असं: पोलीस ठाण्यातून एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, मोटारसायकलचे कागद, मालकांचा वाहन परवाना, तुम्हा सगळ्यांची आधारकार्डं. एफआयआर हातात आला की आधी आरोपीचं नाव बघा. अशा अपघातांत पुष्कळदा पोलीस मयतावरच गुन्हा लावून मोकळे होतात, ‘भरधाव वेगाने चालवून स्वतःच्या मरणास कारणीभूत’. तसं झालं असेल तर दावा मेला असं समजू नका. पंचनाम्यात ट्रॉलीला मागचा दिवा नव्हता, रिफ्लेक्टर नव्हता, दगड-फांदी लावलेली नव्हती असं आलं असेल तर तेच तुमचं हत्यार. त्या रात्री तिथे असलेल्या टोळीतल्या दोघातिघांची नावं आत्ताच लिहून ठेवा, दिवाळीनंतर ती माणसं कुठल्या कारखान्यावर असतील सांगता येत नाही. ट्रॅक्टरचा आणि ट्रॉलीचा, दोन्हींचे नंबर दाव्यात घाला. ट्रॅक्टरला विमा आणि ट्रॉलीला नाही, हा नेहमीचा घोळ आहे आणि विमा कंपनी त्यावरच बोट ठेवते. दोष कुणाचा हे सिद्ध न करता मृत्यूसाठी ५ लाखांची तरतूदही कायद्यात आहे, पण त्या वाटेने गेलं की मोठ्या दाव्याची वाट बंद होऊ शकते. परवाना नसणं, एफआयआर विरुद्ध जाणं अशा अडचणी पाहून वकिलाने ते ठरवायचं.

मृत्यूचा दाखला तुमच्या ग्रामपंचायतीत मिळणार नाही. जिथे मृत्यू झाला तिथल्या नगरपालिकेत किंवा महापालिकेत नोंद असते, दवाखान्याने ती केलेली असते. एकदाच जाऊन सहा-सात प्रती काढून आणा, पुढच्या प्रत्येक टेबलावर एक जाणार आहे. नावात किंवा आधार क्रमांकात चूक असेल तर तिथेच दुरुस्त करून घ्या, गावी आल्यावर कळली तर पुन्हा एसटीचं भाडं.

त्याच फेरीत बँकेत जाऊन मालकांचं पासबुक भरून घ्या आणि गेल्या मे-जून महिन्यांतल्या नोंदी बघा. ४३६ रुपये कापलेले दिसले तर जीवन ज्योती विमा आहे, २० रुपये दिसले तर सुरक्षा विमा. दोन्हींत प्रत्येकी २ लाख मिळतात आणि दोन्ही असतील तर दोन्ही मिळतात. जनधन खात्याचं रुपे कार्ड असेल तर त्यावरचा अपघात विमाही विचारा. बँकेतला माणूस ‘बघू’ म्हणेल. दाव्याचा फॉर्म मागा आणि पोच घ्या. तालुका कृषी अधिकाऱ्याकडे गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेचा अर्ज असतो, जमीन नावावर असलेल्या शेतकऱ्याच्या अपघाती मृत्यूला २ लाख. तिथे ३० दिवसांत अर्ज अपेक्षित असतो आणि तुम्हाला उशीर झाला आहे. तरी द्या. परजिल्ह्यात मृत्यू झाला, कागद मिळाले नाहीत, असं कारण लिहून द्या. मालक स्वतः गाडी चालवत होते, त्यामुळे तिथेही परवाना मागतील.

आता जमीन. ‘मुलांच्या नावावर पुढे करू’ हे वाक्य मराठवाड्यातल्या किती विधवांनी ऐकलं असेल! दिराच्या मनात आज खोट नसेलही, पण हक्कसोडपत्र एकदा दुय्यम निबंधकाकडे नोंदलं गेलं की ते परत फिरवायला कोर्टात आयुष्य जातं. हिंदू वारसा कायद्याने मालकांचे पहिल्या वर्गाचे वारस चार आहेत: तुम्ही, मुलगी, मुलगा आणि सासूबाई. सासरे या यादीत नाहीत आणि दीर तर नाहीच. मालकांनी विकत घेतलेली जमीन असेल तर ९० गुंठ्यांचे चार सारखे भाग, प्रत्येकी साडेबावीस गुंठे. वडिलोपार्जित वाटणीत आलेली असेल तर सासूबाईंचा भाग याहून कमी होतो. म्हणजे कसंही मोजलं तरी किमान साडेसदुसष्ट गुंठे तुम्हा तिघांचे.

वारस नोंदीसाठी तलाठ्याकडे, म्हणजे आता ज्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्यांच्याकडे अर्ज द्या, किंवा सेतूतून ‘ई-हक्क’ या ऑनलाइन प्रणालीवर भरा. मृत्यू दाखला, सातबारा, आठ-अ, सगळ्या वारसांची आधारकार्डं आणि वारसांची नावं-वयं लिहिलेलं प्रतिज्ञापत्र जोडायचं. सासूबाईंचं नाव गाळू नका. रागाच्या भरात बऱ्याच जणी ते गाळतात, मग हरकत येते, नोंद तक्रारीत जाते आणि वर्ष निघून जातं. नोंद झाल्यावर फेरफाराची नोटीस लागते, हरकतीला १५ दिवस असतात, त्यानंतर मंडळ अधिकारी मंजुरी देतात. दिराने हरकत घेतली तरी घाबरायचं काही नाही. सुनावणी होते आणि वारस कोण एवढंच तपासलं जातं. निकाल विरुद्ध गेला तर प्रांताकडे ६० दिवसांत अपील.

मंजूर झालेला उतारा हातात आला की मुलांच्या नावांपुढचं वाचा. अज्ञान मुलांच्या नावासोबत ‘अ.पा.क.’ (अज्ञान पालनकर्ता) म्हणून पालकाचं नाव लागतं. तिथे आईचं नाव हवं. गावात ते आजोबांचं किंवा चुलत्याचं घालून टाकतात आणि मग सोसायटीत, अनुदानात, पीकविम्यात सही त्यांची चालते. वडिलांनंतर नैसर्गिक पालक आई आहे, कायदा याबाबत स्पष्ट आहे. आणखी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा. अज्ञान मुलांचा हिस्सा विकायचा किंवा सोडायचा तर न्यायालयाची परवानगी लागते. म्हणून घरात विषय निघाला की एवढंच म्हणायचं, ‘पोरांच्या हिश्श्यावर माझी सही कोर्टाशिवाय चालत नाही.’ भांडण न करता हे वाक्य पुरतं आणि ते खरं आहे.

सासूबाईंना या कामात आपल्या बाजूने घ्या, असा माझा आग्रह आहे. सगळी जमीन दिराकडे गेली तर त्यांचाही हिस्सा त्याच्याकडे जातो. म्हातारपणी स्वतःच्या नावाचा तुकडा हाताशी असणं काय असतं, हे त्यांना तुमच्यापेक्षा जास्त कळत असेल, फक्त कुणी विचारलेलं नसतं. घर सासऱ्यांच्या नावावर आहे म्हणून तुम्हाला कुणी बाहेर काढू शकत नाही, कौटुंबिक हिंसाचार कायद्याने राहत्या घरात राहण्याचा हक्क आहे. तुम्ही माहेरी राहिलात किंवा उद्या दुसरं लग्न केलंत, तरी मालकांकडून आलेला हिस्सा जात नाही. दुसऱ्या लग्नाचं पत्रात नाही, पण तुमच्या वयाच्या बाईला गाव हे बोलतंच, म्हणून सांगून ठेवलं.

कर्जांचं सूत्र एकच धरा: मेलेल्या माणसाचं कर्ज त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेपुरतं असतं. त्यापलीकडे बायकोच्या मजुरीवर, तिच्या गळ्यातल्यावर किंवा माहेरच्या पैशावर कुणाचा हक्क नाही, तिने स्वतः कर्जदार किंवा जामीनदार म्हणून सही केली नसेल तर. यावरून चारांपैकी कुठलं कर्ज तुमचं आहे ते निघतं. गटकर्ज तुमचं आहे. सोसायटीचं जमिनीमागे येतं. सावकार आणि मुकादम हे दोघं आवाज चढवतात, कारण त्यांची बाजू सगळ्यात लंगडी आहे.

सावकाराला परवाना आहे का ते तालुक्याच्या सहायक निबंधक, सहकारी संस्था, यांच्या कार्यालयात कळतं. परवाना असला तरी २०१४ च्या सावकारी कायद्याखाली शेतकऱ्याला तारण ठेवून वर्षाला ९ टक्के आणि विनातारण १२ टक्के एवढंच व्याज लावता येतं. तो महिन्याला ५ लावतो, म्हणजे वर्षाला ६०. तुम्ही १४ महिन्यांत ४२,००० दिले. १२ टक्क्यांनी व्याज होतं ८,४००. उरलेले ३३,६०० मुदलात धरले तर बाकी राहते २६,४००. परवाना नसेल तर कोर्टातून त्याला तेवढेही वसूल करता येत नाहीत आणि त्याला पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. ‘थोडं व्याज चालू ठेव’ म्हणेल, एक रुपया देऊ नका. तुम्ही आज व्याज दिलं की कर्ज तुम्ही स्वतःच्या अंगावर घेतल्यासारखं होतं. मालकांच्या सहीचा कोरा बॉण्ड त्याच्याकडे असेल अशी शंका असेल तर दुय्यम निबंधक कार्यालयात त्या गटाची सूची क्रमांक दोन काढून बघा, खरेदीखत झालंय का ते दिसेल. सावकारीपोटी लिहून घेतलेली जमीन १५ वर्षांपर्यंत मागे जाऊन परत मिळवून देण्याचा अधिकार जिल्हा उपनिबंधकांना आहे.

मुकादमाचा हिशोब गमतीचा आहे. उचल किती घेतली होती ते पत्रात नाही, पण समजा १,२०,००० होती. नोव्हेंबरच्या सुरुवातीपासून १६ जानेवारीपर्यंत साधारण ७५ दिवस तुम्ही दोघांनी तोड केली. दिवसाला कोयत्यामागे २ टन धरले तर १५० टन. २०२३-२४ च्या हंगामापासून तोडणीचा दर ३४ टक्के वाढून टनाला ३६६ च्या आसपास झाला. ५४,९०० रुपयांचं काम झालं. त्यातून आठवड्याला घेतलेली खर्ची वजा करा. मग बाकी १,१०,००० कशी? तुमची टनेज, दर, खर्ची आणि मुकादमाचं कमिशन असं सगळं लेखी मागा. तो देणार नाही बहुतेक. दिलं तर ते कागद वकिलाला द्या, कारण तुमच्या मालकांची कमाई किती होती याचा तो पुरावा आहे आणि अपघाताच्या दाव्यात नेमका तोच कमी पडतो. वसुलीचा मुकादमाचा कागद तुमच्या भरपाईच्या कामाला येईल.

‘नाहीतर कोयता धर, पोरगी हाताखाली चालेल’ हे मात्र हिशोबाचं भांडण राहत नाही. उचलीपोटी माणसाला कामाला बांधणं १९७६ च्या वेठबिगारी निर्मूलन कायद्याने गुन्हा आहे, आणि ते कर्ज वेठबिगारीचं ठरलं की ते फेडायची जबाबदारीच संपते. ते तसं नाही हे सिद्ध करायचं ओझं मुकादमावर असतं. पुन्हा असं बोलला तर तारीख-वार, साक्षीदार लिहून तहसीलदार किंवा प्रांताकडे अर्ज द्या. ऊसतोड बायकांच्या प्रश्नांवर महिला किसान अधिकार मंच काम करतो, त्यांची माणसं भेटली तर सोबत घ्या.

गटकर्जाचं लोन कार्ड काढा आणि त्यावर विम्याचा हप्ता कापलाय का बघा. अशा कर्जांत बायकोबरोबर नवऱ्याचाही विमा काढायची पद्धत आहे. काढला असेल तर मालकांच्या मृत्यूने उरलेलं कर्ज माफ होतं. दाखल्याची प्रत देऊन लेखी दावा करा. वसुलीवाला हे आपण होऊन सांगत नाही, आणि आपला हप्ता अडकला म्हणून गटातल्या बायका तुमच्या दारात येतात. त्यांना हे कार्ड दाखवा, त्यांच्याही कामाचं आहे. विमा नसेल तर हप्ता कमी करून मुदत वाढवून मागा. रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या नियमांनुसार वसुली सकाळी ९ च्या आधी आणि संध्याकाळी ६ नंतर करायची नाही. धमकी, अपमान चालत नाही. कंपनीकडे लेखी तक्रार करून ३० दिवसांत दाद मिळाली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं, चौकशीचा नंबर १४४४८.

सोसायटीत सचिव ‘नवं-जुनं करून घेऊ’ म्हणेल, म्हणजे जुनं कर्ज भरल्याचं दाखवून नवं तुमच्या नावावर उचलायचं. सातबारावर वारस लागल्याशिवाय आणि तुम्ही सभासद झाल्याशिवाय ते करू नका. मुदतीत फेडलं तर ३ लाखांपर्यंतचं पीककर्ज बिनव्याजी पडतं, म्हणून थकवू नका, पण उताऱ्यानंतर.

राहिला उंबरा. वर्षभर बाहेर न पडण्याला कुठल्याही कायद्याचा आधार नाही. ४ मे २०२२ ला शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि १७ मेला सरकारने सगळ्या ग्रामपंचायतींना तसं करण्याचं परिपत्रक काढलं. ठराव झाला म्हणून लोकांची नजर बदलत नाही, हेही खरं. तेव्हा सुरुवातीच्या फेऱ्यांना अंगणवाडी ताई किंवा आशाताई सोबत घ्या, सकाळच्या पहिल्या एसटीने जा. सासूबाई आल्या तर उत्तमच, कोर्टात त्याही दावेदार आहेत आणि त्यांची सही तिथे लागणारच आहे. वाटेवर कुणी टोकलं तर ‘लेकरांचं काम आहे’ एवढं पुरे. कार्याला बोलावलं नाही, हळदी-कुंकवाला टाळलं, हे होईल. वाईट वाटेल. त्यासाठी आज भांडायची ताकद खर्च करू नका. मात्र जात पंचायतीने किंवा भावकीने जमून ‘हिच्याशी बोलायचं नाही’ असं ठरवलं, तर तो सामाजिक बहिष्कार झाला, २०१६ च्या कायद्याखाली तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे.

घरखर्चासाठी बहुतेक जणी संजय गांधी निराधारचे १,५०० मागायला जातात. लाडकी बहीणचे १,५०० चालू असतील तर दोन्ही मिळत नाहीत, तिथे हेलपाटे नकोत. सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेचा अर्ज आधी करा. वडील नसलेल्या मुलाला महिन्याला २,२५०, तुमच्या दोन मुलांचे ४,५००. पैसे उशिराने आणि एकदम सहा महिन्यांचे येतात, पण येतात. जिल्हा महिला व बाल विकास कार्यालयात अर्ज द्यायचा. मृत्यूचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, शाळेचं बोनाफाईड, मुलांचे आणि तुमचे आधार, घरासमोर मुलांसोबतचा फोटो. त्यानंतर बालकल्याण समितीपुढे मुलांना घेऊन जावं लागतं. ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी संत भगवानबाबा वसतिगृहं आहेत. जूनमध्ये शाळा उघडायच्या आत मुलीचं नाव तिथे घाला, म्हणजे दसऱ्याला मुकादम आला तर ती घरात नसेल.